एक मास्तर, बावन्न माणसं

‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ हे नाटक वऱ्हाडातलं, म्हणजे विदर्भातलं आहे असं समजणारे लोक मला अजून भेटतात. पुण्यात भेटतात, मुंबईत भेटतात. म्हणून आधी तेवढं सांगून टाकतो. हे वऱ्हाड म्हणजे लग्नाचं वऱ्हाड. अमरावती-अकोल्याचा वऱ्हाड नव्हे. भाषा आपली, मराठवाड्याची. आणि ते लिहिणारा, बसवणारा आणि तीन तास एकटा उभा राहून त्यातली बावन्न माणसं करून दाखवणारा माणूस औरंगाबादचा. प्रा. लक्ष्मण देशपांडे. (शहराचं नाव आता छत्रपती संभाजीनगर आहे. मी ज्या काळाबद्दल लिहितोय त्या काळात ते औरंगाबाद होतं, म्हणून खाली जुनंच नाव येईल. त्यावरून भांडायचं असेल तर वेगळी पोस्ट टाकू.)

मराठवाड्यातल्या नटांची यादी कुणी करायला घेतली की ती मुंबईपासून सुरू होते. चंद्रकांत कुलकर्णी, प्रशांत दळवी, प्रतीक्षा लोणकर, मकरंद अनासपुरे, गेवराईचे नंदू माधव, माजलगावचा संदीप पाठक. सगळी मोठी माणसं, वाद नाही. पण ही यादी खरं तर ‘इथून गेलेल्यांची’ यादी आहे. देशपांडे सरांचं नाव त्यात येतं, पण कसं? ‘बावन्न भूमिका, गिनेस बुकात नोंद’, एवढी एक ओळ आणि पुढचा माणूस. जणू उंच उडीचा विक्रमच केला होता.

मला तो विक्रम फार महत्त्वाचा वाटत नाही. महत्त्वाच्या गोष्टी दोन आहेत. हा माणूस इथंच राहून, मास्तरकी करत, सबंध महाराष्ट्राचा नट झाला. आणि आपली बोली त्याने मोठ्या रंगमंचावर नेऊन उभी केली. दुसऱ्या गोष्टीचा हिशोब मात्र मला वाटतो अजून पूर्ण झालेला नाही. तो नेमका काय, ते शेवटाकडे सांगतो. आधी थोडं मागं जाऊ.

देशपांडे सरांचा जन्म 5 डिसेंबर 1943 चा. म्हणजे निजामाच्या राज्यातला. 17 सप्टेंबर 1948 ला हैदराबाद संस्थान भारतात आलं तेव्हा ते पाच वर्षांचेही नव्हते. त्या राज्यात कचेरीची भाषा उर्दू, वरच्या शिक्षणाची भाषा उर्दू. सभा घ्यायची तर आधी परवानगी. गश्ती निशाण 53 हे नाव आपल्या आजोबांच्या पिढीला पाठ होतं. मराठी शाळा चालवणं हीच एक चळवळ होती. 1915 साली निघालेल्या औरंगाबादच्या सरस्वती भुवनकडे त्या नजरेनं पाहायला पाहिजे. पुणे-सांगली-मुंबईकडं नाटक कंपन्या, थेटरं, नाटकाची परीक्षणं छापणारी वर्तमानपत्रं हे सगळं पन्नास-पाऊणशे वर्षं जुनं झालं होतं तेव्हा आपण ‘मराठीत बोर्ड लावता येईल का’ यावर अर्ज करत होतो.

मग 1956 ला मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला, 1960 ला महाराष्ट्र झाला. 1958 ला औरंगाबादला विद्यापीठ निघालं. त्याच्या आधी, 1950 ला, बाबासाहेबांनी मिलिंद कॉलेज काढलं होतं. नाटकाच्या इतिहासात मिलिंदचं नाव फार लोक घेत नाहीत, पण घ्यायला पाहिजे. तिथले प्राचार्य म. भि. चिटणीस यांनी ‘युगयात्रा’ लिहिलं, कॉलेजच्या मुलांनी ते बाबासाहेबांसमोर केलं, आणि 1956 च्या धम्मदीक्षेच्या वेळी ते नागपूरलाही झालं. दलित रंगभूमीचा धागा नागसेनवनातून निघतो. ही गोष्ट पुढे लागणार आहे, म्हणून लक्षात ठेवा.

1970 च्या दशकात विद्यापीठात नाट्यशास्त्र विभाग सुरू झाला. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून शिकून आलेले कमलाकर सोनटक्के त्याचे पहिले प्रमुख. ज्या भागात धड नाट्यगृहं नव्हती तिथं नाटक हा पदवीचा विषय झाला. बीड, जालना, परभणी, नांदेडची पोरं ‘नाटक शिकायला’ औरंगाबादला यायला लागली. घरचे विचारायचे, नाटक शिकून करणार काय? प्रश्न रास्त होता. उत्तर बहुतेकांसाठी ‘मुंबई’ एवढंच होतं. पुढे याच विभागाचे प्रमुखपद देशपांडे सरांकडे आलं. त्यांच्या दृष्टीनं उत्तर वेगळं होतं, आणि ते त्यांनी भाषणातून न देता जगून दाखवलं.

आता भाषेकडे येतो.

मराठी रंगभूमीवर आणि सिनेमात ग्रामीण माणूस काही 1979 ला आला नाही. तो आधीपासून होता. वसंत सबनिसांचं ‘विच्छा माझी पुरी करा’ 1965 चं. दादा कोंडके, निळू फुले, राम नगरकर घराघरांत पोचलेले. शंकर पाटील, व्यंकटेश माडगूळकर लिहीत होते. पण या सगळ्या खेड्याची बोली कुठली? कोल्हापूर-साताऱ्याची, पुणे जिल्ह्याची, फार तर सोलापूरपर्यंतची. सिनेमातला शेतकरी हा कृष्णाकाठचा शेतकरी. त्याचं ‘व्हय’, त्याचं ‘न्हाई’ हेच ‘ग्रामीण मराठी’ म्हणून ठरून गेलं. आमच्याकडचा माणूस ‘काय करायलास’ म्हणतो, ‘कामून’ म्हणतो, होकाराला ‘हौ’ म्हणतो. पाच-सहाशे वर्षं दखनी-उर्दूच्या शेजारात राहिल्यानं वाक्याला एक वेगळाच हेल आहे. हा हेल रंगमंचावर नव्हताच. आमची पोरं एकांकिका स्पर्धेत खेडूत करायची तेव्हा कोल्हापुरी बोलायची! घरात एक बोली आणि स्टेजवर दुसऱ्याच्या गावची बोली. त्यात कुणाला काही चुकतंय असंही वाटत नसे.

1979 साली ‘वऱ्हाड’ आलं आणि हे बदललं. गोष्ट साधी. गावचा पोरगा लंडनला, तिथल्या मुलीशी लग्न ठरतं, लग्न तिकडंच. मग सगळं गाव वऱ्हाडी होऊन निघतं. पासपोर्टचा पत्ता नसलेली माणसं विमानात बसतात. एवढ्या गोष्टीत पोटभर हसणं आहेच. पण आमच्याकडं लोक हसले ते केवळ प्रसंगाला नाही. ते ओळखून हसले. ‘अरे, हा तर आपला मामा बोलतोय’, असं. आपल्या घरातलं बोलणं तिकीट काढून ऐकायच्या लायकीचं आहे, हे मराठवाड्याला पहिल्यांदा तिथं कळलं.

एकपात्री हा प्रकारही नवा नव्हता. पु. लं.नी ‘बटाट्याची चाळ’ 1961 ला उभी केली. सदानंद जोशींचं ‘मी अत्रे बोलतोय’ होतं. राम नगरकरांची ‘रामनगरी’ होती, त्यात तर एका न्हाव्याच्या पोराचं स्वतःचं आयुष्य होतं. देशपांडे सरांची तुलना नेहमी पु. लं.शी होते. आडनाव एकच, त्यामुळे जास्तच. पण फरक मोठा आहे. पु. ल. चाळ सांगतात. सांगणारा एक ‘मी’ मध्ये उभा असतो, तो चाळीतला असूनही चाळीपेक्षा थोडा शहाणा. प्रेक्षक त्या ‘मी’च्या खांद्यावरून चाळीकडे बघतो. ‘वऱ्हाड’मध्ये सांगणारा असतो, पण माणसं एकदा बोलायला लागली की तो बाजूला होतो. तुम्ही थेट त्या गर्दीत.

याचं मूळ मी पु. लं.पेक्षा पैठणला शोधीन. एकनाथांचं भारूड म्हणजे काय? एक माणूस उभा राहतो आणि विंचू चावलेली बाई होतो, जोगवा मागणारी होतो, आंधळा होतो, वेसकर होतो. कीर्तनकार उत्तररंगात आख्यान लावतो तेव्हा सासू, सून, राजा, चोर सगळे तोच. बहुरूपी गल्लीत यायचे. एका देहात अनेक माणसं ही गोष्ट आमच्या लोकांना शिकवायची गरज नव्हती. तालुक्याच्या गावातला, आयुष्यात एकही ‘व्यावसायिक नाटक’ न पाहिलेला माणूस ‘वऱ्हाड’ला बसायचा आणि त्याला कुठंही अडखळायला व्हायचं नाही. ते यामुळं.

अभिनयाबद्दल दोन शब्द, कारण ‘बावन्न’ या आकड्याखाली तो झाकला जातो. नेपथ्य नाही, वेषांतर नाही. दोन माणसांचं बोलणं एकट्यानं करायचं तर मान वळवावी लागते. एकाची नजर वर, दुसऱ्याची खाली. एवढं कॉलेजातला पोरगाही करतो. अवघड होतं ते तिसरा माणूस मध्ये बोलला की, आणि गाव म्हटलं की सगळे एकदम बोलणार. तिथं देशपांडे सरांनी प्रत्येक माणसाला एक चाल दिली. म्हणजे बोलण्याची चाल. कुणी वाक्य गिळतो, कुणी शेवटचा शब्द ओढतो, कुणी उगाच मोठ्यानं बोलतो, कुणाच्या बोलण्यात श्वास आधी येतो आणि शब्द मागून. एकदा का ही चाल तुमच्या कानात बसली की नाव सांगायची गरज उरत नाही.

याचा पुरावा कॅसेट. ‘वऱ्हाड’ सगळ्यात जास्त लोकांनी पाहिलेलं नाही, ऐकलेलं आहे. टेपरेकॉर्डरवर. किराणा दुकानात, जीपमध्ये, लग्नघरी, उन्हाळ्यात गच्चीवर. कॅसेटमध्ये ना मान वळते ना हात हलतो. तरी कोण बोलतंय ते लहान पोरांनाही कळायचं. आमच्या गल्लीत तर दोन भाऊ ते अख्खं तोंडपाठ म्हणायचे, एक बी बाजू संपेपर्यंत आणि दुसरा पुढं. शरीर काढून घेतल्यावरही जो नट उरतो त्याच्याबद्दल आणखी काय सांगायचं.

आता तो इथं राहून मोठा कसा झाला, हा प्रश्न. यात भावनेपेक्षा व्यवहार जास्त आहे आणि तो समजून घेण्यासारखा आहे.

मुंबईचं नाटक मराठवाड्यात आणायचं म्हणजे बस, सेट, पंधरा-वीस माणसं, त्यांची राहण्याची सोय, आणि प्रयोगाला नाट्यगृह. हा खर्च भरून निघायला भरपूर तिकीटं विकली जायला पाहिजेत. म्हणून अशी नाटकं औरंगाबाद, नांदेड, फार तर लातूर-परभणी करून जायची. अंबाजोगाईच्या, जिंतूरच्या, गंगाखेडच्या माणसाला नाटक पाहायचं तर प्रवास करणं आलं. एकपात्रीला हे काही लागत नाही. एक माणूस, एक माईक, एक उंचवटा. शाळेचं पटांगण चालतं. साखर कारखान्याच्या वसाहतीतला मांडव चालतो. गणेशोत्सव, व्याख्यानमाला, कॉलेजचं स्नेहसंमेलन, सगळीकडे चालतं. नाट्यगृह नसणं हा आमचा सगळ्यात मोठा अडथळा. ‘वऱ्हाड’नं तो ओलांडायच्या भानगडीत न पडता बगलच दिली.

दुसरं म्हणजे पगार. नाटकावर पोट अवलंबून नसलेला नट मुंबईला जायला बांधील नसतो. विद्यापीठातली नोकरी ही त्यांची नाटक कंपनी होती म्हणा ना. आपल्याकडं प्राध्यापकांवर टीका करायची फॅशन आहे, मीही करतो. पण मराठवाड्याचं निम्मं साहित्य आणि निम्मं नाटक मास्तरांच्या पगारावर उभं राहिलं, हे विसरून चालणार नाही. ‘गांधी विरुद्ध गांधी’ लिहिणारे अजित दळवीही औरंगाबादेत राज्यशास्त्राचे प्राध्यापकच होते. आज तासिका तत्त्वावर राबणाऱ्या पोरांकडून ‘सांस्कृतिक योगदाना’ची अपेक्षा करताना हे जरा आठवावं.

तर असं ते वऱ्हाड गावोगाव फिरलं, पुण्या-मुंबईत गेलं, परदेशातल्या महाराष्ट्र मंडळांत गेलं. मुंबईनं बोलावलं म्हणून ते मोठं झालं नाही. मोठं झाल्यावर मुंबईनं बोलावलं.

इथंवर सगळं छान. आता तो हिशोब.

‘वऱ्हाड’चं हसू एकाच प्रकारचं नव्हतं. मराठवाड्यातला प्रेक्षक स्वतःला हसत होता. त्या हसण्यात माया होती, थोडी लाजही होती. पुण्या-मुंबईतला प्रेक्षक मात्र ‘त्यांना’ हसत होता. शब्द तेच, नट तोच, तरी हसणं वेगळं. यात देशपांडे सरांचा दोष शोधणं अन्यायाचं होईल. बोलीवर त्यांचं प्रेम होतं आणि ते ऐकताना कळतं. पण परिणाम व्हायचा तो झाला. आपली बोली रंगमंचावर आली ती विनोदाच्या दारातून, आणि बराच काळ तिला त्याच दारातून ये-जा करायला लावलं गेलं. मराठवाडी हेल ऐकला की समोरच्यानं हसायची तयारीच करून बसायचं, ही सवय लागली. आमची पोरं मुंबईत ऑडिशनला गेली की तिथं ‘जरा तिकडचं गमतीशीर करून दाखव’ असं सांगतात. पोरगं आपल्या आईसारखं बोलतं आणि समोरचे हसतात. पोराला काम मिळतं, म्हणून तोही हसतो.

आणखी एक गोष्ट, जी बोलायला जड जाते. ‘वऱ्हाड’चं साल 1979. त्याच्या मागं 1972 चा दुष्काळ आहे, खडी फोडायला गेलेली गावं आहेत. 1974 चं मराठवाडा विकास आंदोलन आणि वसमतचा गोळीबार आहे. आणि अगदी उंबऱ्यावर 1978 आहे. विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचं नाव देण्याचा ठराव विधिमंडळात झाला आणि खेड्याखेड्यांत दलितांची घरं जाळली गेली. ‘वऱ्हाड’चा कर्ता याच विद्यापीठाच्या नाटक विभागाचा पुढे प्रमुख झाला. पण त्या लंडनला निघालेल्या गावात 1978 चं गाव दिसत नाही. तिथं सगळे भोळे आहेत, सगळे एकाच मांडवात आहेत.

यावर कुणी म्हणेल, विनोदी एकपात्रीत दंगल कशाला शोधता? बरोबर आहे. प्रत्येक नाटकानं सगळंच सांगायला पाहिजे असं नाही. शिवाय जळालेल्या वर्षानंतर लोकांना एकत्र बसून हसायला मिळालं, हेही कमी नाही. मी तक्रार करत नाही, नोंद करतोय. कारण त्याच शहरात, त्याच वर्षांत दुसरं नाटकही चालू होतं. नागसेनवनातून निघालेला तो ‘युगयात्रा’चा धागा प्रकाश त्रिभुवनांच्या ‘थांबा! रामराज्य येतंय’पर्यंत आला होता. नाट्यशास्त्र विभागात रुस्तुम अचलखांब लोककलेच्या अंगानं खेड्याची दुसरी बाजू मांडत होते. म्हणजे एकाच विद्यापीठाच्या परिसरात मराठवाड्याची दोन खेडी रंगमंचावर होती. एकाची कॅसेट घराघरांत गेली. दुसऱ्याची नाही. हे का झालं याचं उत्तर नटांच्या गुणवत्तेत सापडणार नाही. ते कॅसेट विकत घेणाऱ्या घरांत सापडेल. आमचंही घर त्यातलंच.

आणि तिसरी वाट, जाणाऱ्यांची. 1980 च्या दशकात औरंगाबादच्या पोरापोरींनी ‘जिगीषा’ काढली आणि काही वर्षांत सगळा गट मुंबईला गेला. 1991 ला ‘चारचौघी’ आलं. प्रशांत दळवींचं लेखन, चंद्रकांत कुलकर्णींचं दिग्दर्शन, आणि त्यात वंदना गुप्ते, दीपा श्रीराम, आसावरी जोशी यांच्याबरोबर प्रतीक्षा लोणकर. मराठी रंगभूमीवरच्या बाईबद्दल बोलायचं तर या नाटकाला वळसा घालून जाता येत नाही. पण त्यातली माणसं मराठवाड्याची बोली बोलत नाहीत. ती शहरी, प्रमाण मराठी बोलतात. चूक काहीच नाही, नाटकाचं घरच तसं आहे. मला एवढंच दिसतं की गंभीर बोलायचं तर बोली गावी ठेवून जायची, असा तो काळ होता.

टीव्हीनं ते आणखी पक्कं केलं. मुंबई दूरदर्शन 1972 चं. आमच्याकडं बहुतेक ठिकाणी टीव्ही दिसायला लागला तो ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर. 1990 च्या दशकाच्या उत्तरार्धात ‘दामिनी’ आली, रोज लागणारी मालिका, आणि औरंगाबादची प्रतीक्षा लोणकर दुपारच्या वेळी महाराष्ट्रातल्या प्रत्येक घरात पोचली. निर्भीड पत्रकार बाई. माझ्या ओळखीच्या दोन-तीन मुलींनी तिच्याकडं बघून पत्रकारितेला प्रवेश घेतला होता, हे खरंय. पण दैनंदिन मालिका म्हणजे महिन्याचे बहुतेक दिवस चित्रीकरण, आणि चित्रीकरण मुंबईत. म्हणजे नोकरी सांभाळून, शनिवार-रविवार नाटक करणारा नट या धंद्यात बसूच शकत नाही. देशपांडे सरांची वाट टीव्हीनं बंद केली ती अशी. कुणी ठरवून नाही, नुसत्या वेळापत्रकानं.

मकरंद अनासपुरेनं मात्र एक केलं. तो बोली बरोबर घेऊन गेला आणि तिच्या जोरावर नायक झाला. ‘कायद्याचं बोला’, ‘गाढवाचं लग्न’, ‘दे धक्का’. आधी मराठवाड्याचा माणूस सिनेमात आला तर नायकाचा गडी म्हणून यायचा. हा नायकच झाला. पण इथंही दार विनोदाचंच. शेतकरी आत्महत्येवरचा ‘गोष्ट छोटी डोंगराएवढी’ 2009 ला आला. त्याच्या विनोदी सिनेमांना झाली तशी गर्दी त्याला झाली नाही. त्याच वर्षी, 22 फेब्रुवारीला, देशपांडे सर गेले होते.

हिशोब फिटायला सुरुवात झाली ती 2012 ला, असं माझं मत. ‘शिवाजी अंडरग्राऊंड इन भीमनगर मोहल्ला’. लेखक राजकुमार तांगडे, जालना जिल्ह्यातल्या जांबसमर्थचा. मूळ कल्पना शाहीर संभाजी भगतांची, दिग्दर्शन नंदू माधवांचं, आणि नट बहुतेक जालन्याकडचे, शेतीतून आलेले, कैलाश वाघमारेसारखे. तीच बोली. तोच हेल. तेच ‘कामून’. मुंबईचा प्रेक्षक सवयीनं हसायला बसला आणि खरंच हसला, नाटक आहेच तसं मिश्कील. पण ते हसू मध्येच घशात अडकायचं. कारण यावेळी बोली बोलणारा माणूस भोळा नव्हता. तो समोरच्याला प्रश्न विचारत होता. शिवाजी कोणाचा, हे खेड्यातला माणूस शहरातल्या माणसाला विचारत होता, आणि आपल्या भाषेत विचारत होता.

मी ते नाटक पाहून बाहेर आलो तेव्हा मला ‘वऱ्हाड’च आठवलं. विरोधात नव्हे. 1979 ला कुणीतरी ही बोली तीन तास ऐकवून महाराष्ट्राचा कान तयार केला नसता, तर 2012 ला तिच्यातला टोमणा त्या कानाला कळला नसता. आधी हसवून ऐकायला लावलं, मग ऐकायला बसलेल्यांना सुनावलं. ही दोन कामं दोन पिढ्यांनी, दोन वेगळ्या जातीवर्गातून आलेल्या माणसांनी केली. एकमेकांना विचारून केली नाहीत. (‘सैराट’ पुढे 2016 ला आला आणि करमाळ्याकडच्या बोलीत लोक ढसाढसा रडले, तेव्हा हा मुद्दा सगळ्यांनाच पटला. पण आमच्या नाटकवाल्यांनी तो चार वर्षं आधी मांडला होता.)

आता ‘वऱ्हाड’ संदीप पाठक करतो. माजलगावचा पोरगा, सिनेमा-टीव्हीत नाव झालेला, आणि तरी हे एकपात्री पाठ करून उभा राहतो. मूळ प्रयोग डोळ्यांसमोर आणि कानात असलेल्या प्रेक्षकांपुढं ते करायचं म्हणजे धाडस आहे. तो नक्कल करत नाही, ही त्यातली चांगली गोष्ट. पोरं हसतात. पासपोर्ट-विमानाचं अप्रूप आता कुणाला नाही, गावागावांतली पोरं पुण्यात आयटीत आहेत आणि काही खरंच लंडनला आहेत. तरी हसतात. म्हणजे विनोद विमानाचा नव्हताच, माणसांचा होता.

शहराचं काय? संत एकनाथ रंगमंदिर दुरुस्तीसाठी काही वर्षं बंद राहिलं होतं, आणि त्या काळात नाटकवाल्यांचे जे हाल झाले ते इथल्या लोकांना वेगळं सांगायला नको. सिडकोतलं संत तुकाराम नाट्यगृह आहे, तापडिया आहे. नाट्यशास्त्र विभाग आहे, तिथं अजून जालन्या-बीडची पोरं येतात, चार जण मिळून खोली करतात, एकांकिका बसवतात. आणि पदवी झाली की बहुतेक जण रात्रीच्या गाडीनं मुंबई गाठतात. त्यांना ‘इथंच राहा’ म्हणायचा अधिकार मला नाही. देशपांडे सरांना विद्यापीठाचा पगार होता. या पोरांना काय आहे?

एक काम मात्र आपण करू शकतो, म्हणून ही एवढी लांब पोस्ट. मुंबईच्या नाटकाचा प्रयोग झाला की पेपरात जाहिरात असते, तारीख असते, थेटराचं नाव असतं. पुढं इतिहास लिहिणाऱ्याला ते सापडतं. कारखान्याच्या मांडवात, झेडपी शाळेच्या पटांगणात झालेल्या ‘वऱ्हाड’ची जाहिरात कुठून सापडणार? ती फक्त बघणाऱ्यांच्या डोक्यात आहे, आणि तेव्हा बघायला बसलेले लोक आता साठी-सत्तरीत आहेत. तुम्ही स्वतः किंवा घरातल्या कुणी ‘वऱ्हाड’चा मूळ प्रयोग पाहिला असेल तर गाव, साधारण साल आणि जागा एवढं खाली लिहा. कोण कुणाशेजारी बसलं होतं आणि कोण बसलं नव्हतं, तेही आठवत असेल तर लिहा.